सरहिंदची जमीन कोणाची?

जून महिन्याची ९ तारीख हा बंदासिंग बहादूर यांचा स्मृतिदिन. १७१६ साली या दिवशी दिल्लीजवळ मेहरौली येथे, कुतुबुद्दीन बख्तियार काकी यांच्या दर्ग्याच्या परिसरात, त्यांना हालहाल करून ठार मारण्यात आले. त्याआधी त्यांच्या चार वर्षांच्या मुलाचा त्यांच्या डोळ्यांदेखत वध झाला. ही कथा सांगून श्रोत्यांच्या डोळ्यांत पाणी आणणे अवघड नाही, आणि हे कार्य दरवर्षी निष्ठेने पार पाडले जाते. कोणी त्यांना हिंदूंचा कैवार घेणारा बैरागी म्हणतो, कोणी पहिल्या खालसा राज्याचा संस्थापक म्हणतो. पंजाब सरकारने मोहालीनजीक चप्परचिरीच्या रणभूमीवर ३२८ फूट उंचीचा ‘फतेह बुर्ज’ उभारला आणि २०११ च्या नोव्हेंबरात त्याचे मोठ्या थाटाने उद्घाटन केले. २०१६ साली बलिदानाला तीनशे वर्षे झाली तेव्हा दिल्लीपासून अमृतसरपर्यंत समारंभ झाले. या सगळ्या गौरवात एका प्रश्नाचा उच्चार मात्र फार दबल्या आवाजात होतो. सरहिंदचा सुभा हाती आल्यावर या माणसाने तेथील जमिनीचे काय केले, हा तो प्रश्न.

आमच्या मते बंदासिंगांच्या चरित्राचा गाभा येथे आहे. शौर्य त्या काळात पुष्कळांनी गाजवले. राज्येही पुष्कळांनी स्थापली. परंतु राज्य हाती येताच नांगर धरणाऱ्याच्या आणि महसूल घेणाऱ्या सत्तेच्या मधला माणूस बाजूला काढण्याचा प्रयत्न करणारे राज्यकर्ते आपल्या इतिहासात बोटांवर मोजण्याइतकेच निघतील. त्यांच्यात बंदासिंगांचे स्थान फार वरचे आहे.

त्यांच्या आयुष्याला निर्णायक वळण मिळाले ते आपल्या महाराष्ट्रात. जम्मूकडील राजौरी येथे १६७० साली जन्मलेला लछमनदेव हा तरुण शिकारीत मारलेल्या गाभण हरिणीच्या दर्शनाने विरक्त झाला, अशी परंपरागत कथा आहे. तो बैरागी झाला, माधोदास हे नाव त्याने घेतले, फिरत फिरत नाशिकच्या पंचवटीत आला आणि शेवटी नांदेडला गोदावरीकाठी मठ करून राहिला. १७०८ साली गुरू गोविंदसिंग नांदेडला पोहोचले. औरंगजेब आदल्याच वर्षी अहमदनगरला वारला होता. त्याचा मुलगा बहादूरशाह धाकट्या भावाचा, कामबक्षाचा, बंदोबस्त करण्यासाठी दक्षिणेत उतरला होता आणि गुरू त्याच्या छावणीबरोबर या प्रदेशात आले होते. सरहिंदचा फौजदार वझीरखान याने गुरूंच्या दोन धाकट्या मुलांना ठार केले होते. त्याबद्दलचा न्याय बादशहाकडून मिळण्याची आशा मावळत चालली होती. माधोदास आणि गुरू यांची भेट झाली, आणि मठाधिपती बैरागी गुरूंचा ‘बंदा’ म्हणजे सेवक झाला. पाच बाण, निशाण, नगारा, सोबत पाच शीख आणि पंजाबातील शिखांच्या नावे हुकूमनामे एवढ्या सामग्रीवर त्याला उत्तरेकडे पाठवण्यात आले. थोड्याच दिवसांनी, ७ ऑक्टोबर १७०८ रोजी, मारेकऱ्याने केलेल्या जखमांमुळे गुरूंचे नांदेडलाच देहावसान झाले.

हे पाच बाण काही फौज नव्हे. तरीही वर्ष-सव्वावर्षाच्या आत हा माणूस हजारोंचे सैन्य घेऊन सतलजच्या अलीकडे उभा राहतो, याचा उलगडा केवळ सूडाच्या भावनेने होत नाही. त्यासाठी दोन गोष्टी पाहिल्या पाहिजेत.

पहिली गोष्ट शीख पंथाच्या आतली आहे. १६९९ साली आनंदपूरला गुरू गोविंदसिंगांनी खालसा पंथाची स्थापना केली, हे सर्वांना ठाऊक आहे. ज्या पाच जणांना प्रथम अमृत दिले गेले त्यांत लाहोरचा खत्री आणि हस्तिनापूरकडचा जाट यांच्याबरोबर जगन्नाथपुरीचा पाणक्या, द्वारकेचा छिंपी म्हणजे कापड छापणारा आणि आपल्या शेजारच्या बीदरचा न्हावी होता, हेही अनेकदा सांगितले जाते. कमी सांगितले जाते ते असे की, याच सुमारास गुरूंनी मसंदांची व्यवस्था मोडून काढली. मसंद म्हणजे भाविकांच्या देणग्या गोळा करून गुरूकडे पोहोचवणारे प्रतिनिधी. कालांतराने ते वंशपरंपरेने आपापल्या भागाचे मालक बनले होते, मधल्या मधे पैसा अडवीत होते, भाविकांना नाडीत होते. गुरूंनी मसंद रद्द केले आणि संगतीचा संबंध सरळ आपल्याशी जोडला. म्हणजे बंदासिंग पंजाबात पोहोचले तेव्हा शीख समाजाने एका क्षेत्रात तरी मध्यस्थ हटवल्याचा अनुभव घेतलेला होता.

दुसरी गोष्ट मोगली महसुलाची. प्रस्तुत लेखकाने अनेक वर्षे अर्थशास्त्राच्या वर्गात जमीन महसुलाचे प्रकरण शिकवले आहे. त्या प्रकरणाची रीत अशी असे की, तोडरमलापासून एक उडी मारून कॉर्नवॉलिसच्या कायमधाऱ्यापर्यंत यायचे. मधल्या दोनशे वर्षांत शेतकरी जणू झोपलेलाच होता! वास्तविक औरंगजेबाच्या काळी शेतकऱ्याकडून उत्पन्नाचा निम्म्यापर्यंत हिस्सा महसूल म्हणून घेतला जाई. हा महसूल ज्या जहागीरदाराला नेमून दिलेला असे त्याची तीन-चार वर्षांत बदली होई. आज हाती असलेली जहागीर उद्या दुसऱ्याकडे जाणार असल्याने तिच्या भवितव्याशी त्याला कर्तव्य नसे. मिळेल तेवढे ओरबाडून घेण्यातच त्याचे हित होते. बर्निये या फ्रेंच प्रवाशाने हे नोंदवले आहे. बऱ्हाणपुरात जन्मलेला आणि सारी हयात दक्षिणेच्या मोहिमांत घालवलेला मोगलांचाच एक कारभारी, भीमसेन सक्सेना, यानेही जहागीरदारांच्या गुमास्त्यांच्या जुलमाविषयी असेच लिहून ठेवले आहे. त्यात पंचवीस वर्षे चाललेल्या दक्षिणेच्या युद्धाने खजिना कोरडा पडला. मराठ्यांशी लढण्याचा खर्च अखेर ज्यांच्या कोठारातून निघत होता त्यांत पंजाबचा कुणबीही होता. जहागीरदाराच्या खाली गावोगावचे जमीनदार होते, सय्यद-शेखांच्या इनाम जमिनी होत्या, आणि या साऱ्यांचा भार वाहणारा जो तळाशी होता त्याला जमीन कसण्याचे काम होते, तिच्यावर हुकमत नव्हती.

या दारूच्या कोठारात बंदासिंग ठिणगी घेऊन आले. जाट शेतकरी, गावचे कारागीर, अस्पृश्य मानलेल्या जातींतील माणसे त्यांच्याभोवती जमली. माल वाहून नेणाऱ्या बंजाऱ्यांनी त्यांना रसद पुरवली. नोव्हेंबर १७०९ मध्ये समाना पडले. मग सढौरा. १२ मे १७१० रोजी चप्परचिरीला वझीरखान मारला गेला आणि एक-दोन दिवसांतच सरहिंद हाती आले. सतलजपासून यमुनेपर्यंतचा सुपीक मुलूख मोकळा झाला. डोंगराच्या पायथ्याशी मुखलिसपूरच्या किल्ल्याला लोहगड हे नाव देऊन तेथे राजधानी केली गेली. सरहिंदचा कारभार नांदेडहून बरोबर आलेल्या बाजसिंगाकडे देण्यात आला.

आता या नव्या सत्तेने काय केले? शीख परंपरा आणि गंडासिंग यांच्यासारखे इतिहासकार सांगतात की, बंदासिंगांनी जमीनदारी मोडली आणि कसणाऱ्याला मालक केले. याविषयी एक कथा प्रसिद्ध आहे. जमीनदारांच्या जुलमाचे गाऱ्हाणे घेऊन शेतकरी त्यांच्याकडे आले, तेव्हा त्यांनी या फिर्याद्यांवरच गोळ्या झाडण्याची आज्ञा केली म्हणे. घाबरलेल्यांनी कारण विचारले, तेव्हा त्यांनी सुनावले की, तुम्ही हजारो असून मूठभर जमीनदारांपुढे वाकता, मग तुम्हाला दुसरी कोणती शिक्षा द्यावी? गावकरी परत गेले आणि त्यांनी आपला निवाडा आपणच केला. कथा कथाच आहे. पण तीनशे वर्षे लोकांनी कोणती गोष्ट आठवणीत ठेवली, हेही इतिहासाचे एक साधन असते.

कथेपेक्षा भक्कम पुरावा शत्रुपक्षाचा आहे. समकालीन फारसी बखरकार बंदासिंगांचे कडवे द्वेष्टे होते. त्यांच्या आधाराने मोगलांच्या उत्तरकाळाचा इतिहास लिहिणाऱ्या विल्यम अर्विन या इंग्रज लेखकाने नोंदवले आहे की, शिखांच्या ताब्यातील परगण्यांत सगळी उलथापालथ झाली. झाडूवाला किंवा चांभार घर सोडून बंदासिंगांना जाऊन मिळे आणि थोड्याच दिवसांत नेमणुकीचा हुकूम हातात घेऊन आपल्याच गावाचा अधिकारी म्हणून परत येई. मग त्याच गावचे कुलीन आणि धनिक लोक वेशीबाहेर त्याच्या स्वागताला येत आणि हात जोडून उभे राहत. हे वर्णन करणाऱ्याला त्यात जगबुडी दिसते. आपल्याला काय दिसावे, हे या साप्ताहिकाच्या वाचकांना सांगण्याची गरज नाही.

एक तपशील आम्हाला फार महत्त्वाचा वाटतो. बंदासिंगांनी नाणी पाडली, मुद्रा केली, पण त्यांवर स्वतःचे नाव घातले नाही. नाव गुरू नानक आणि गुरू गोविंदसिंग यांचे होते. मुद्रेवरील मजकुरात ‘देग’ आणि ‘तेग’ हे दोन शब्द जोडीने येतात. देग म्हणजे लंगरातली कढई, तेग म्हणजे तलवार. आणि त्यांत कढई आधी येते. राज्याच्या शिक्क्यावर सर्वांना पोटभर अन्न देणारे भांडे कोरणारी दुसरी राजसत्ता आमच्या वाचनात नाही.

येथे थोडे सावध राहिले पाहिजे. आपल्याकडील काही उत्साही कार्यकर्ते बंदासिंगांना अठराव्या शतकातले साम्यवादी ठरवून मोकळे होतात. इरफान हबीब यांनी १९६३ च्या आपल्या ग्रंथात या उठावांची मुळे शेतीवरील अरिष्टात दाखवली, हे खरे. परंतु मुझफ्फर आलम यांनी १९८६ साली दाखवून दिले की, पंजाबातल्या या उठावात जाट जमीनदारही होते, आणि हा प्रदेश भिकेला लागलेला नव्हता, उलट तेथे शेती व व्यापार वाढत होता. म्हणजे धनी विरुद्ध कष्टकरी अशी सरळ रेघ मारता येत नाही. खालच्या थरातील जमीनदार, नव्याने सधन झालेले शेतकरी आणि अगदी तळचे लोक अशी ती आघाडी होती, आणि अशा आघाडीत राज्य आल्यावर फळ कोणाच्या पदरात पडायचे, हा झगडा सुप्तपणे असतोच. दुसरे असे की, समाना, सढौरा आणि सरहिंद येथे विजयानंतर मोठी कत्तल आणि लूट झाली. तिचे समर्थन करण्याचे कारण नाही, आणि ती झाकण्याचेही नाही. पण तेवढ्यावरून या उठावाला हिंदू-मुसलमान युद्धाचा रंग देणाऱ्यांनी मोगल दरबारचे अखबार वाचावेत. एप्रिल १७११ मध्ये बादशहाकडे पोहोचलेल्या बातमीत स्पष्ट म्हटले आहे की, कलानौर भागात बंदासिंगांनी मुसलमानांना त्रास न देण्याचे जाहीर केले, येणाऱ्याला रोजमुरा बांधून दिला, नमाज व खुतबा यांना मोकळीक दिली, आणि पाच हजार मुसलमान त्यांच्या सैन्यात जमा झाले. बादशहाला खरी भीती या बातमीची वाटली असणार.

बादशाही सत्तेने मग सारी शक्ती लावली. बहादूरशाह दक्षिणेतून परतला तो दिल्लीत न जाता थेट पंजाबात. १७१० च्या डिसेंबरात लोहगड पडला, बंदासिंग निसटले. नानकपंथी दिसेल तेथे मारावा, असे फर्मान सुटले. पाच वर्षे चढउतार झाले. १७१५ साली गुरदास नंगल येथे आठ महिने वेढा पडला. दाणागोटा संपल्यावर आतल्यांनी गवत, पाला, झाडाची साल खाल्ली. डिसेंबरात ते पकडले गेले. फेब्रुवारी १७१६ मध्ये लोखंडी पिंजऱ्यात घालून, हत्तीवरून त्यांची दिल्लीत धिंड काढण्यात आली. त्या वेळी ईस्ट इंडिया कंपनीचे वकील सवलती मागण्यासाठी दिल्लीत तळ ठोकून होते. त्यांनी आपल्या वरिष्ठांना कळवले की, रोज शंभर याप्रमाणे कैद्यांचा शिरच्छेद होत आहे आणि एकानेही धर्म बदलून जीव वाचवलेला नाही. दुसऱ्याच वर्षी त्या वकिलांना हवी ती फर्मानेही मिळाली. शेतकऱ्यांचे राज्य चिरडणे आणि परदेशी व्यापाऱ्याला जकात माफ करणे, ही दोन्ही कामे फर्रुखसियरच्या एकाच कारकिर्दीत पार पडली.

सर्वसाधारण चरित्रे येथे संपतात. आमच्या दृष्टीने खरा प्रश्न पुढे आहे, आणि तो शत्रूने केलेल्या घातापेक्षा वारसांनी केलेल्या वाटणीचा आहे.

जानेवारी १७६४ मध्ये शिखांच्या मिसलींनी सरहिंद पुन्हा जिंकले. तेच शहर, तीच जमीन. मध्ये चौपन्न वर्षे गेलेली. या वेळी काय झाले, त्याचे वर्णन कनिंगहॅमने शिखांच्या इतिहासात ऐकीव परंपरेच्या आधाराने दिले आहे. लढाई संपताच घोडेस्वार चारी दिशांना उधळले. जो गावात पहिला पोहोचेल त्याचे ते गाव. म्हणून दिवसरात्र दौड करत प्रत्येकाने एका गावात पट्टा टाकला, दुसऱ्यात म्यान, तिसऱ्यात अंगरखा. अंगावर वस्त्र उरेना तोवर हे चालले. सरहिंद शहर पतियाळाच्या आलासिंगाकडे गेले. फुलकियान घराण्याच्या पतियाळा, नाभा आणि जींद या संस्थानांचे बस्तान या मुलखात बसले. १७१० साली गाव हुकूमनामा हातात घेतलेल्या चांभाराकडे जात होता. १७६४ साली तो घोडा असलेल्याकडे गेला. दोघेही त्याच गुरूंचे नाव घेत होते. पुढे रणजितसिंगांच्या लाहोर दरबाराने मोठे राज्य उभारले, त्याचा कारभार अनेक अंगांनी उदारही होता. पण सरदारांच्या जहागिऱ्या त्यात पुन्हा ठाम बसल्या.

या बाबतीत पंजाबला हिणवण्याचे मराठी माणसाला कारण नाही. शिवाजी महाराजांनी देशमुखांच्या गढ्या पाडल्या, फौजेला जहागिरीऐवजी रोख पगार दिला, वतनदाराच्या आणि रयतेच्या मध्ये सरकारी कमाविसदार आणला. राजारामांच्या काळात, मोगलांच्या रेट्याखाली, वतने आणि सरंजाम देणे पुन्हा सुरू झाले. बंदासिंग लोहगडावर नाणी पाडत होते त्याच दशकात आपल्याकडे बाळाजी विश्वनाथ चौथ-सरदेशमुखीची विभागणी सरदारांत करून सरंजामी राज्याचा पाया घालत होते. नायकाचा जयजयकार आणि त्याने हटवलेल्या मध्यस्थांची गुपचूप पुनःस्थापना, हे दोन्ही प्रांतांत सारखेच झाले.

पतियाळाच्या संस्थानात याची फळे विसाव्या शतकापर्यंत दिसत होती. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात तेथे दरबारातील वजनदार मंडळींना ‘बिस्वेदारी’ हक्क देण्यात आले आणि शेकडो गावांतील पिढीजात कसणारे एका लेखणीच्या फटकाऱ्यासरशी ‘मुजारे’, म्हणजे कूळ, झाले. पिकाचा वाटा बिस्वेदाराच्या कोठीत जाऊ लागला. या मुजाऱ्यांनी दीर्घकाळ लढा दिला. स्वातंत्र्यानंतरही, १९ मार्च १९४९ रोजी, किशनगढ गावाला लष्कराने वेढा घातला, रणगाडे आणले, शेतकरी मारले गेले. तेजासिंग स्वतंतर यांच्यासारखे कम्युनिस्ट नेते या लढ्यात होते. अखेर १९५३-५४ च्या पेप्सूतील कायद्यांनी मुजाऱ्याला मालकी मिळाली. आपल्याकडे १९४८ चा मुंबई कूळकायदा आणि १ एप्रिल १९५७ चा कृषकदिन आला, मराठवाड्यात १९५० चा हैदराबाद कूळकायदा आला, त्याच मालिकेतील हा विजय आहे. बंदासिंगांचे अर्धे काम येथे पुरे झाले, असे म्हणता येईल.

उरलेले अर्धे कोणाचे? अर्विनच्या वर्णनातला झाडूवाला आणि चांभार मुजारा नव्हताच. कुळाच्या शेतावर तो मजूर होता, म्हणून कूळकायद्याने त्याला काही दिले नाही. त्याआधी इंग्रजांनी १९०० साली पंजाबात जमीन हस्तांतरणाचा कायदा केला. सावकाराच्या घशातून शेतकऱ्याची जमीन वाचवण्याचा त्याचा घोषित हेतू. पण ‘शेतकरी जमाती’ म्हणून सरकारी यादीत असलेल्यांनाच शेतजमीन विकत घेता येईल अशी त्याची रचना होती आणि त्या यादीत दलितांना स्थान नव्हते. दोन पैसे गाठीला बांधून एखाद्याला दोन बिघे घ्यायचे झाले, तरी कायदा आड येई. ही बंदी स्वातंत्र्यानंतर गेली, तोवर बाजारात जमीन घेण्याची ऐपत कोणाकडे उरली होती ते सांगायला नको. २०११ च्या जनगणनेनुसार पंजाबच्या लोकसंख्येत दलितांचे प्रमाण ३१.९ टक्के आहे; देशातील कोणत्याही राज्यात ते इतके नाही. त्यांच्या ताब्यातील शेतजमीन मात्र साडेतीन टक्क्यांच्या आसपास आहे. ज्या भूमीत लंगराच्या पंगतीला जात विचारली जात नाही, तेथे सातबाऱ्याला ती विचारावी लागत नाही. ती आधीच लिहिलेली असते.

तरीही एक खिडकी कायद्यात राहून गेली आहे. १९६१ च्या पंजाब ग्राम सामाईक जमीन कायद्यान्वये पंचायतीच्या लागवडयोग्य शामलात जमिनीपैकी एक तृतीयांश जमीन दलितांना भाडेपट्ट्याने देण्यासाठी राखीव आहे. दरवर्षी उन्हाळ्यात तिचा लिलाव होतो. अनेक दशके या लिलावात बोली लावणारा दलित असे, पैसे मात्र गावच्या बड्या शेतकऱ्याचे असत आणि पीकही त्याच्याच घरी जाई. २०१४ पासून संगरूर जिल्ह्यात जमीन प्राप्ती संघर्ष समितीने हा खेळ मोडायला घेतला. बालद कलाँ गावी लाठ्या खाल्ल्या, माणसे तुरुंगात गेली, आणि अखेर राखीव वाटा मिळवून तो सामुदायिक रीतीने कसण्यात आला. या लढ्यात स्त्रिया पुढे आहेत, त्याचे कारण सैद्धान्तिक नाही. जनावरांसाठी चारा कापायला दुसऱ्याच्या बांधावर जाताना जे ऐकून घ्यावे लागते, जे सोसावे लागते, ते त्यांच्या वाट्याला येते. स्वतःच्या वाट्याच्या जमिनीत चारा उगवू लागला की ती वाटच बंद होते. २०१६ साली जलूर गावी या लढ्यातल्या लोकांच्या घरांवर हल्ला झाला आणि त्यात जबर जखमी झालेली एक वृद्ध स्त्री पुढे मरण पावली.

२०२०-२१ च्या दिल्लीच्या सीमेवरील आंदोलनाला आपल्या पक्षाने मनापासून पाठिंबा दिला, आणि नोव्हेंबर २०२१ मध्ये तिन्ही कृषी कायदे मागे घेण्याची घोषणा झाली तो आपण विजय मानला, तो होताच. त्या तंबूंमध्ये बंदासिंगांची चित्रे होती, त्यांच्या नावाच्या घोषणा होत्या. त्याच २०२० च्या उन्हाळ्यात, टाळेबंदीमुळे बिहार-उत्तर प्रदेशचे मजूर आले नाहीत म्हणून स्थानिक दलित मजुरांनी भातलावणीचा दर वाढवून मागितला, तेव्हा पंजाबातील अनेक ग्रामपंचायतींनी मजुरीवर कमाल मर्यादा घालणारे ठराव केले आणि ते मोडणाऱ्यावर बहिष्काराची धमकी दिली. किमान आधारभूत किमतीसाठी लढणारा शेतकरी मजुरीला कमाल मर्यादा घालतो, हे अर्थशास्त्राच्या कोणत्याही पुस्तकात बसत नाही. ताकदीच्या हिशेबात मात्र नेमके बसते. आपल्या शेतकरी संघटनांतील मित्रांना हे वाचून राग येईल. यावा.

गेल्या वर्षीची, म्हणजे २०२५ च्या मे महिन्यातली एक घटना आपल्या वृत्तपत्रांनी छापण्याजोगी मानली नाही. संगरूरजवळ बीड ऐश्वन येथे पूर्वीच्या जींद संस्थानिकांच्या नावची ९२७ एकर जमीन आहे. पंजाबच्या १९७२ च्या जमीन सुधारणा कायद्याप्रमाणे दुबार पिकाच्या बागायती जमिनीची कमाल मर्यादा सात हेक्टर, म्हणजे सुमारे सव्वासतरा एकर, आहे. ही जमीन कमाल मर्यादेपेक्षा अधिक असल्याने ती भूमिहीनांत वाटावी, अशी मागणी घेऊन संघर्ष समितीचे लोक २० मे रोजी तिकडे निघाले. त्यांनी तेथे वसवायच्या वस्तीचे नाव ठरवले होते: बेगमपुरा, संत रविदासांच्या कल्पनेतले दुःखरहित नगर. पोलिसांनी वाटेतच त्यांना अडवले आणि शेकडो स्त्री-पुरुषांना ताब्यात घेतले. जींदचे घराणे म्हणजे फुलकियान, सरहिंदच्या वाटणीतून वर आलेले. अंगरखा टाकून गाव आपले म्हणणाऱ्या स्वारांच्या वारसांकडे ९२७ एकर राहू शकतात, आणि हुकूमनामा घेऊन आलेल्यांच्या वारसांना त्या शेताच्या बांधापर्यंत जाऊ दिले जात नाही.

चप्परचिरीची लढाई १२ मेची, मेहरौलीचा वध ९ जूनचा. पंजाबातील शामलात जमिनीचे लिलाव साधारणपणे याच आठवड्यांत चालू असतात. नांदेडला बंदाघाटावर या दिवसांत जाणाऱ्या आपल्या कार्यकर्त्यांना पंजाबचे यात्रेकरू नक्की भेटतील. त्यांना फतेह बुर्जाची उंची विचारू नये. तुमच्या गावात तिसऱ्या हिश्शाची बोली या वर्षी कोणी लावली, आणि पीक कोणाच्या घरी गेले, एवढेच विचारावे.